'शेक्सपिअर वाला'मधली ती मुलगी पुढे कुठे गेली? (फेलिसिटी केंडल)

तिसरीघंटा

गेल्या रविवारी 'शेक्सपिअर वाला' पाहिला. १९६५चा, कृष्णधवल. लावला होता शशी कपूरसाठी, पण संपल्यावर डोक्यात राहिली ती लिझी.

ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात: एका इंग्रज कुटुंबाची फिरती नाटक कंपनी आहे. शाळांत, संस्थानिकांच्या वाड्यांत, थंड हवेच्या गावांत शेक्सपिअरचे प्रयोग करत हिंडते. स्वातंत्र्य मिळून काही वर्षं झालीत, बोलावणी कमी होत चाललीत, लोकांना आता सिनेमा हवा आहे. मालकांची मुलगी लिझी कंपनीतच वाढलेली. ती एका भारतीय तरुणाच्या प्रेमात पडते. तो तरुण म्हणजे शशी कपूर, आणि त्याची आधीची मैत्रीण एक सिनेनटी, ती मधुर जाफरी. (या कामासाठी जाफरींना बर्लिन महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं.) शेवटी लिझी बोटीत बसून इंग्लंडला निघते.

नंतर कळलं की पडद्यावरचे आईवडील हे तिचे खरेच आईवडील, जेफ्री केंडल आणि लॉरा लिडेल. कंपनीही खरी, नाव 'शेक्सपिअराना'. मग झोप लागेना. त्या बोटीनंतर या मुलीचं काय झालं?

थोडं वाचलं. फेलिसिटी केंडल इंग्लंडात फार मोठी झाली, पण झाली ती दूरदर्शनवरच्या एका विनोदी मालिकेमुळे. मला याचं वाईट वाटलं. लहानपणापासून जिच्या तोंडी शेक्सपिअर, तिला तिच्या देशाने ओळखावं ते भाजीपाला पिकवणारी शेजारीण म्हणून? माझं चुकत असेल तर सांगा. ज्यांनी तिची कामं पाहिलीत त्यांनी जरूर लिहा.

---

जुहूकर

मस्त विषय. दोन गोष्टी घालतो.

एक म्हणजे ती शशी कपूरची मेहुणी. थोरली बहीण जेनिफर केंडल, '३६ चौरंगी लेन'वाली. 'शेक्सपिअर वाला'त जेनिफरही आहे, एका हॉटेलच्या मालकिणीच्या छोट्या कामात. म्हणजे शशी कपूर पडद्यावर आपल्या सख्ख्या मेहुणीशी प्रेम करतोय आणि बायको त्याच सिनेमात हॉटेल सांभाळतेय!

दुसरी गोष्ट: सिनेमातले महाराज आठवतात? ते उत्पल दत्त. 'गोलमाल'मधले भवानीशंकर. तरुणपणी ते याच केंडल कंपनीत नट होते.

---

मधलीसुट्टी

उत्पल दत्त शेक्सपिअर करायचे?! आता मिशांवरचं ते सगळं भाषण वेगळ्याच कानांनी ऐकणार.

---

हॅरोवाली

तिसरीघंटा, तुमच्या प्रश्नाला उत्तर द्यायचा मला थोडा तरी हक्क आहे. मी लग्न होऊन १९७६ साली इथे लंडनजवळ आले. इंग्रजी वाचता यायचं, पण दुकानातली बाई काय बोलते ते कळायचं नाही. घरी सासूबाई, ह्यांची नोकरी रात्रपाळीची. संध्याकाळी आम्ही दोघी टीव्हीसमोर बसायचो आणि आमची आवडती मालिका होती 'द गुड लाइफ'.

गोष्ट अशी. टॉम गुड चाळीस वर्षांचा होतो. तो नाश्त्याच्या खोक्यांतून फुकट मिळणाऱ्या प्लॅस्टिकच्या खेळण्यांची चित्रं काढणाऱ्या कचेरीत असतो. एक दिवस त्याला वाटतं, हे काय आयुष्य आहे? नोकरी सोडतो, आणि सर्बिटनसारख्या अत्यंत सभ्य वस्तीतल्या आपल्या घराची बाग नांगरून काढतो. भाजी, कोंबड्या, डुकरं, जेराल्डीन नावाची शेळी, लेनिन नावाचा कोंबडा, मटारच्या सालांची दारू. त्याची बायको बार्बरा, ती फेलिसिटी. शेजारी मार्गो आणि जेरी, पैसेवाले आणि सगळं व्यवस्थित हवं असणारे.

आता सांगते ती काय करायची. टॉमचं काम रिचर्ड ब्रायर्स करायचे, ते एकामागून एक बोलत सुटायचे. मार्गो म्हणजे पेनेलोपी कीथ, तिच्या नुसत्या भुवईला हशा यायचा. या दोघांच्या मध्ये बार्बरा. फाटका स्वेटर, चिखलाचे बूट आणि तो किंचित घोगरा आवाज. नवऱ्यावर प्रेम आहे, पण तो वेडा आहे हेही तिला ठाऊक आहे. कधी कधी कपाटातला जुना चांगला झगा बघून तिचा चेहरा पडायचा, तेवढ्यात ती स्वतःला सावरायची. सासूबाईंना इंग्रजी अक्षर कळत नव्हतं, पण बार्बराचं सगळं कळायचं. म्हणायच्या, "ही आपल्यातली आहे बघ. हिने गरिबी पाहिलीय." तेव्हा मला हसू आलं होतं. ही बाई कलकत्त्या-सिमल्याला कंपनीच्या ट्रंकांवर झोपून मोठी झालीय, हे मला खूप वर्षांनी कळलं.

हे विनोदी काम करताना ती शेक्सपिअरपासून दूर गेली असेल, असं मला नाही वाटत.

---

गच्चीतलीबाग

हॅरोवाली, वा! मी पुण्यात ही मालिका बऱ्याच उशिरा पाहिली आणि तिच्यामुळेच गच्चीत वाफे केले. चौदा वर्षं झाली. पालक, अंबाडी, दोडका, यंदा हळदसुद्धा. टॉमसारखं यंत्र लावून शेणाचा गॅस करायचं मनात होतं, पण सोसायटीच्या बैठकीत विषय निघताच सगळे उठून उभे राहिले.

---

मधलीसुट्टी

उभे राहिले ते टाळ्या वाजवायला असतील :)

---

गच्चीतलीबाग

नाही हो. पण दोडके सगळ्यांनी नेले.

(अवांतर: दोडक्यावर फळमाशी फार येते. कोणाकडे उपाय असेल तर बागकामाच्या धाग्यावर लिहा, इथे नको.)

---

विंगेतून

मी हौशी रंगभूमीवर पस्तीस वर्षं काढलीत, म्हणून जरा लांब लिहितो.

टीव्हीने तिला खाल्लं हा धागाकर्त्याचा समज इतिहासाला धरून नाही. 'द गुड लाइफ' एप्रिल १९७५ला सुरू झाली. त्याआधी १९७४ साली लंडनमध्ये ॲलन एकबर्नची 'द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स' ही नाट्यत्रयी चालू होती. त्यात ती होती आणि पेनेलोपी कीथही होती. तिथलं काम पाहूनच दोघींना मालिकेत घेतलं. म्हणजे मालिका आली ती नाटकातून.

मालिका १९७८ला संपली. नोव्हेंबर १९७९ला नॅशनल थिएटरात 'अमाडिअस'चा पहिलावहिला प्रयोग झाला. पॉल स्कोफिल्ड सॅलिएरी, सायमन कॅलो मोत्झार्ट आणि मोत्झार्टची बायको कॉन्स्टँझ ही फेलिसिटी. पुढच्या वर्षी त्याच स्कोफिल्डच्या ऑथेल्लोसमोर ती डेस्डिमोना. त्याच वर्षी बीबीसीच्या 'ट्वेल्फ्थ नाइट'मध्ये व्हायोला. १९८१ला टॉम स्टॉपर्डच्या 'ऑन द रॅझल'मध्ये ती चक्क ख्रिस्तोफर नावाचा उंडगा उमेदवार पोरगा झाली. आणि इथून स्टॉपर्डची नाटकं सुरू होतात. १९८२ 'द रिअल थिंग', १९८८ 'हॅपगुड', १९९३ 'आर्केडिया', १९९५ 'इंडियन इंक'. आपल्या पिढीतला सगळ्यात बुद्धिमान नाटककार ज्या नटीच्या हाती पुन्हा पुन्हा नवं नाटक देतो, ती वाया गेली कशी म्हणायची? 'हॅपगुड' तर हेरगिरी आणि पुंजभौतिकी यांची गुंफण आहे. तसली वाक्यं प्रेक्षकापर्यंत पोचवायची तर जीभ आणि श्वास दोन्ही लहानपणापासून घडलेले लागतात.

१९८९ला 'मच अडू अबाउट नथिंग' आणि चेखवचं 'इवानोव्ह' या दोन्हींसाठी तिला इव्हनिंग स्टँडर्डचं उत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं.

आपल्याकडचं उदाहरण देतो. दिलीप प्रभावळकरांना दूरदर्शनने घराघरांत चिमणराव केलं. म्हणून 'हसवाफसवी'तली त्यांची कामं लहान झाली का?

---

तिसरीघंटा

विंगेतून, हे माहीत नव्हतं. मान्य. पण एक सांगा, मग लोकांच्या मनात बार्बराच का राहिली?

---

विंगेतून

कारण 'डेस्डिमोना' पाहायला हजार माणसं तिकीट काढून येतात आणि बार्बरा लाखोंच्या दिवाणखान्यात जाते. नाटक त्या रात्री संपतं. बार्बराचे तीस भाग अजून पुन्हा पुन्हा दाखवतात. यात नटीचा काही दोष नाही.

---

सांजवेळ

दोष नटीचा नाही, पण वृत्तपत्रांचा थोडा आहे. ज्या १९८१ साली ती नॅशनलमध्ये स्टॉपर्ड करत होती त्याच साली तिला 'रिअर ऑफ द इयर' नावाचा किताब दिला गेला, तोही पाठीमागून बाई कशी दिसते यासाठी. पस्तिशीची, एवढी कामं केलेली नटी, आणि छापून काय येतं तर 'गोड', 'चुणचुणीत', 'देशाची लाडकी'. मला हे वाचून संताप आला. आपल्याकडेही विनोदी काम करणाऱ्या बाईला आधी 'गोड' म्हणतात आणि मग त्यातच बसवून ठेवतात.

---

हॅरोवाली

सांजवेळ, अगदी खरं. तो 'गोड' शब्द तिला फार चिकटला. आणि मालिकेत किती कडू जागा होत्या! नेहमीच्या मालिकेचा शेवटचा भाग आठवतो? गुड दांपत्य बाहेर गेलेलं असताना चोर घरात शिरून सगळं मोडून-फोडून टाकतात. विनोदी मालिकेचा असा शेवट तेव्हा कोणी करत नव्हतं. त्या उद्ध्वस्त खोलीत बार्बरा उभी राहते तेव्हा सासूबाईंनी डोळ्यांना पदर लावला होता.

नंतर १९७८ला एक खास भाग झाला, राणी आणि प्रिन्स फिलिप स्वतः चित्रीकरणाला हजर होते.

मालिकेत घर सर्बिटनचं दाखवलंय, पण बाहेरचं चित्रीकरण नॉर्थवुडला व्हायचं. आमच्यापासून जवळच. सासूबाईंना एकदा तिकडे घेऊन गेले होते. शेळी दिसली नाही म्हणून त्या नाराज झाल्या.

---

घाटमाथा

मी वेगळं मत मांडतो. चर्चा छान आहे, पण 'शेक्सपिअराना'भोवती आपण नकळत एक गोड धुकं तयार करतोय. इंग्रज गेले तरी त्यांची कंपनी गावोगाव आमच्या मुलांना शेक्सपिअर ऐकवत हिंडते, आणि आपण भारावून जायचं?

मराठी माणसाला शेक्सपिअर कळायला केंडल यायची गरज नव्हती. आगरकरांनी 'हॅम्लेट'चं 'विकारविलसित' १८८३ साली केलं. देवलांनी 'ऑथेल्लो'चा 'झुंझारराव' केला. केळकरांची 'त्राटिका' गाजली. गणपतराव जोशींचा हॅम्लेट पाहायला लोक बैलगाड्या जुंपून यायचे. शिरवाडकरांनी 'मॅक्बेथ'चा 'राजमुकुट' केला. हे सगळं आपण आपल्या भाषेत, आपल्या खिशातून केलं.

बाई चांगली अभिनेत्री आहे, त्याबद्दल वाद नाही. पण तिला 'आपली' म्हणण्याची घाई कशाला?

---

पेटारा

घाटमाथा, इतिहास बरोबर, पण मी जरा दुसऱ्या बाजूने बघतो.

माझे आजोबा दशावतारात होते. सिंधुदुर्गात, जत्रेच्या दिवसांत गावागणिक. डोक्यावर कंपनीचा पेटारा, चालत पुढच्या गावी, देवळाच्या आवारात जेवण, रात्री नाटक, पहाटे परत वाट. माझे वडील पाच-सहा वर्षांचे असताना त्यांना झोपेतून उठवून कृष्ण म्हणून उभं करायचे. संवाद नसायचा. फक्त मुकुट सांभाळायचा.

आता हे बघा. फेलिसिटी नऊ महिन्यांची असताना तिला 'मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये पऱ्यांनी पळवून आणलेलं मूल म्हणून कडेवर घेऊन रंगमंचावर नेली. सातव्या वर्षापासून ती भारतात. कंपनी गाव बदलेल तशी शाळा बदलायची, सहा कॉन्व्हेंट शाळा झाल्या. आज राजवाड्यात प्रयोग, उद्या कुठल्याशा आडगावी शाळेच्या पटांगणात. सतराव्या वर्षी कलकत्त्यात टायफॉइड. वडिलांचं खरं आडनाव ब्रॅग. जन्मगाव केंडल म्हणून त्यांनी नाटकासाठी गावाचंच नाव लावलं. आपल्याकडे गावावरून आडनाव होतं तसंच की!

ती इंग्रज की भारतीय हा प्रश्न मला महत्त्वाचा वाटत नाही. ती कंपनीतली मुलगी आहे. कंपनीत वाढलेल्या पोरांची जात वेगळीच असते. त्यांना भूमिका लहान-मोठी कळत नाही, प्रयोग झाला पाहिजे एवढंच कळतं. 'हॅम्लेट' असो की शेळीचं दूध काढणं. म्हणून धागाकर्त्याने विचारलेलं 'हे उतरणं नाही का' हे तिच्या डोक्यातही आलं नसेल असं मला वाटतं.

---

घाटमाथा

पेटारा, हे पटलं. गावाच्या नावाचं मला माहीत नव्हतं. आणि मुकुट सांभाळणारा कृष्ण डोळ्यांसमोर उभा राहिला.

तरी एक शंका राहते. वडिलांना तरी ती भूमिका लहान-मोठी वाटत होती ना? त्यांचा विरोध होता असं वाचल्याचं आठवतं.

---

विंगेतून

विरोध होताच. जेफ्री केंडलना ती इंग्लंडला गेलेलीच आवडलं नव्हतं. सिनेमात आईवडील मुलीला बोटीत बसवून देतात, खऱ्या आयुष्यात वडील नाराज होते. त्यांच्या लेखी खरं काम म्हणजे भारतातले रस्ते आणि प्रयोग. आणि हेही लक्षात घ्या की 'शेक्सपिअर वाला' त्यांच्याच १९४७च्या रोजनिशीवरून सुचलेला असूनही त्यांना तो पटला नव्हता. त्यात कंपनीची पडझड दाखवलीय. त्यांचं म्हणणं, आमचे प्रयोग तर भरून वाहत होते. घाटमाथांच्या मुद्द्यालाही हे लागू आहे. सिनेमा जे 'साम्राज्याची संध्याकाळ' म्हणून दाखवतो, ते त्या माणसासाठी रोजचं, भरल्या घराचं काम होतं.

लंडनला पोचल्यावर तिला लगेच कोणी डोक्यावर घेतलं असंही नाही. पहिलं नाव घेण्याजोगं टीव्हीवरचं काम १९६६चं, 'द मेफ्लाय अँड द फ्रॉग', समोर सर जॉन गिलगुड! त्यानंतर 'गुड लाइफ'पर्यंत नऊ वर्षं आहेत. या नऊ वर्षांबद्दल कोणी बोलत नाही.

---

सांजवेळ

तिने १९९८ला 'व्हाइट कार्गो' नावाचं आत्मकथन लिहिलं. वडील आजारी, अंथरुणाला खिळलेले, बोलू न शकणारे. ती उशाशी बसून त्यांच्याशी बोलतेय आणि मधूनमधून भारतातलं बालपण येतं. मी हे पुस्तक माझ्या वडिलांच्या आजारपणात दवाखान्यात बसून वाचलं. जे भांडण तेव्हा राहून गेलं ते आता एकटीनेच पूर्ण करायचं, दोन्ही बाजूंनी. त्याबद्दल इथे जास्त लिहिवत नाही. जेफ्री त्याच वर्षी गेले.

---

मधलीसुट्टी

सांजवेळ, _/\_

---

जुहूकर

वडिलांना हवं होतं ते थोरलीने केलं असं म्हणता येईल. ती इथेच राहिली. १९५८ला शशी कपूरशी लग्न, आणि ५ नोव्हेंबर १९७८ला जुहूचं पृथ्वी थिएटर उघडलं ते दोघांनी मिळून. जेनिफर ते जातीने चालवायची. तीन बाजूंनी प्रेक्षक, दोनशेच्या आसपास खुर्च्या, नटाचा श्वास ऐकू येतो.

आणि घाटमाथा, तुमच्यासाठी खास: पृथ्वीच्या रंगमंचावरचं पहिलं नाटक होतं 'उद्ध्वस्त धर्मशाळा'. आपल्या गो. पु. देशपांड्यांचं! हिंदीतून, नसीरुद्दीन शाह आणि ओम पुरी होते. इंग्रज नटीने चालवलेल्या नाट्यगृहाची घंटा पहिल्यांदा वाजली ती मराठी नाटककारासाठी.

जेनिफर ७ सप्टेंबर १९८४ला लंडनमध्ये कर्करोगाने गेली. तिच्या वाढदिवसाला, २८ फेब्रुवारीला, झाकीर हुसेन दर वर्षी पृथ्वीत वाजवायचे. पहाटेपासून रांग लागायची. मी त्या रांगेत दोनदा उभा राहिलो, एकदा आत गेलो, एकदा बाहेर कॅफेत बसून भिंतीतून येणारा तबला ऐकला. आता झाकीरभाईही नाहीत.

---

घाटमाथा

'उद्ध्वस्त धर्मशाळा'! ही माहिती मी जपून ठेवणार. मागचा मुद्दा अर्धा मागे घेतो, अर्धा ठेवतो.

---

नवशिका

मी अठ्ठावीसची. यातलं काहीच पाहिलं नाही. कुठून सुरुवात करू?

---

गच्चीतलीबाग

'गुड लाइफ'च्या पहिल्या भागापासून. आणि मग 'रोझमेरी अँड थाइम'. २००३ला आली, बावीस भाग. ती रोपांच्या रोगांची तज्ज्ञ, विद्यापीठातून काढून टाकलेली, आणि मैत्रीण माजी पोलीस. दोघी लोकांच्या बागा दुरुस्त करत फिरतात आणि जातील तिथे खून! रहस्य सोपं असतं, पण बागा डोळे निववतात. पन्नाशी ओलांडलेल्या दोन बायका, हातात फावडं, आणि कोणाच्या प्रेमात पडायची सक्ती नाही. मला हे फार आवडतं.

---

सांजवेळ

'डॉक्टर हू'चा २००८चा एक भाग आहे, अगाथा ख्रिस्ती असलेला. त्यात ती लेडी एडिसन. तिचं गुपित काय, तर तरुणपणी भारतात असताना झालेलं प्रेम! भूमिका निवडणाऱ्यांना तिचं बालपण ठाऊक असणारच असं मी मनाशी धरून चाललेय. आणि २०१०ला 'स्ट्रिक्टली कम डान्सिंग'मध्ये चौसष्टाव्या वर्षी ती अशी काही वाकली होती की माझ्या योगशिक्षिकेला मी ती चित्रफीत पाठवली.

---

विंगेतून

नवशिका, शक्य झालं तर तिचं नाटक पाहा. २०२३ला लंडनच्या फिनिक्समध्ये 'नॉइझेस ऑफ'मध्ये होती, शहात्तराव्या वर्षी. माझ्या भाच्याने पाहिलं. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी: एक फिरती नाटक कंपनी एक भिकार फार्स करतेय, पहिल्या अंकात रंगीत तालीम, दुसऱ्यात तेच विंगेतून, तिसऱ्यात दौऱ्याच्या शेवटी सगळ्याचा बोजवारा. ती मोलकरणीचं काम करणारी वयस्क नटी डॉटी, हातात सार्डिन मासळीची बशी. दारं, बशा, जिने, सगळं सेकंदाच्या हिशेबात. एक बशी चुकली की पुढचे दहा हशे गेले. हे काम 'गोड' असून होत नाही, त्याला तालीम लागते.

---

पेटारा

फिरत्या कंपनीवरचंच नाटक मिळालं बघा!

---

हॅरोवाली

धागा वर काढतेय, कारण काल रात्री लिहायचं राहिलं.

१९९५ला ऑल्डविच थिएटरात 'इंडियन इंक' पाहिलं होतं. फ्लोरा क्रू नावाची इंग्रज कवयित्री १९३० साली भारतात जुम्मापूर नावाच्या संस्थानात येते, एक भारतीय चित्रकार तिचं चित्र काढतो. पन्नासेक वर्षांनी इंग्लंडात तिची धाकटी बहीण, मिसेस स्वान, म्हातारी, त्या आठवणींची पत्रं सांभाळून बसलीय. फ्लोरा होती फेलिसिटी, चित्रकार आर्ट मलिक. स्टॉपर्डचं स्वतःचं बालपण दार्जिलिंगमधलं. एक दार्जिलिंगचा, एक सिमला-कलकत्त्याची. तिने पंखा बंद पडल्यावर मानेवरचे केस वर धरले होते, तो हात मला अजून दिसतो. गावच्या मे महिन्यात माझी आई तसाच धरायची. तो हात शिकवून येत नाही.

हे नाटक आधी १९९१ला रेडिओसाठी होतं. तेव्हाही फ्लोरा हीच, आणि म्हातारी बहीण होती पेगी ॲशक्रॉफ्ट, 'अ पॅसेज टू इंडिया'मधली मिसेस मूर. पेगीबाई त्याच वर्षी जूनमध्ये गेल्या.

गेल्या डिसेंबरात, २०२५ला, हॅम्पस्टेड थिएटरात हे नाटक पुन्हा आलं आणि फेलिसिटी आता मिसेस स्वान. एकोणऐंशी वर्षांची. मुलीला घेऊन गेले. नाटक उघडण्याच्या थोडेच दिवस आधी स्टॉपर्ड गेले होते, त्यामुळे थिएटरात शिरतानाच सगळे हळू बोलत होते. ती खुर्चीत बसून पाहुण्यांना चहा आणि केक देते, आणि पलीकडे तरुण फ्लोरा बोलत असते. जी वाक्यं तीस वर्षांपूर्वी तिच्या तोंडी होती ती आता दुसरी मुलगी म्हणतेय आणि ही ऐकतेय. मी फ्लोराकडे बघितलंच नाही. तिच्याकडेच बघत राहिले.

मुलगी परत येताना गाडीत म्हणाली, "आई, आजी म्हणायची ती हीच ना? आपल्यातली?"

---

तिसरीघंटा

हॅरोवाली, तुमचा प्रतिसाद आईला मोठ्याने वाचून दाखवला. सगळ्यांचे आभार. 'वाईट वाटलं' हे माझं वाक्य मी मागे घेतो. मूळ लेखात मात्र तसंच ठेवतो, नाहीतर खालची चर्चा कोणाला कळायची नाही.

काल आईबरोबर 'गुड लाइफ'चे पहिले दोन भाग पाहिले. आई म्हणाली, "नोकरी सोडून डुकरं पाळतो म्हणतो, आणि ही हो म्हणते! मी असते तर माहेरी गेले असते." मग थोड्या वेळाने, "पण हसते छान गं ती." आज दुपारी जेवताना स्वतःहून विचारलं, तिसरा भाग कधी लावतोस.

---

गच्चीतलीबाग

आईंना सांगा, डुकरं लगेच नाही येत. आधी बाग.